खड्ड्यातली बाज

आमच्या गावात बाजेवर कुणी झोपत नसे. नगरच्या कॉलेजात हे मी मैत्रिणींना पहिल्यांदा सांगितलं तेव्हा त्या हसल्या, आणि यात हसण्यासारखं काय आहे ते मला कळेना. मला उलट त्यांच्याच गावांचं नवल वाटलं. आमच्याकडे संध्याकाळची जेवणं उरकली की घराघरांतून वाकळा झटकल्याचा आवाज यायचा. एका घरातून फटाक् झालं की शेजारून उत्तर आल्यासारखं दुसरं फटाक्, मग तिसरं, असं करत तो आवाज वेशीपर्यंत जायचा. तो थांबला की समजायचं, गाव आता भुईला टेकलं. शेणानं सारवलेल्या जमिनीवर पोतं, पोत्यावर वाकळ आणि वाकळेवर आम्ही सगळे ओळीनं. कानाला भुई लागलेली असल्यामुळे गोठ्यात बैलानं पाय आपटला तरी तो उशीखालून ऐकू यायचा.

कारण होतं धोंडाई. ओढ्याच्या काठावर लिंबाच्या झाडाखाली शेंदूर फासलेली एक आडवी शिळा, ती आमची गावदेवी. तिला चौथरा नव्हता, सिंहासन नव्हतं. ती भुईवर निजलेली होती आणि तिला उचलायची कुणाची छाती नव्हती. 'आई भुईवर आन लेकरू बाजेवर, ही कुठली रीत?' एवढा साधा हिशेब. त्याला पुरावा म्हणून एका फौजदाराची गोष्ट होती. तो म्हणे मुक्कामाला आला, हट्टानं बाज टाकून झोपला आणि सकाळी बाजेखाली सापडला. फौजदार त्या दिवशी भरपूर प्यालेला होता, ही माहिती मला पुष्कळ मोठेपणी मिळाली.

गावात बाजा नव्हत्या असं मात्र नाही. लग्नात यायच्याच. मग त्या माळवदावर चढवायच्या आणि उन्हाळ्यात त्यांच्यावर लुगडं पसरून कुरडया, सांडगे, शेवया वाळत घालायच्या. पहिलीत असताना पुस्तकातल्या चित्रात बाजेवर पहुडलेला एक म्हातारा होता. बाईंनी विचारलं, "सांगा बरं, आजोबा काय करताहेत?" मी हात वर करून म्हणाले, "त्यांना वाळत घातलंय." त्या बाई आमच्या गावच्या नव्हत्या. त्यांनी मला जवळ बोलावून माझं कपाळ तापलंय का ते पाहिलं.

नियमाला वाटाही होत्या. लांबच्या वस्तीवर, जिथून लिंबावरचा झेंडा दिसत नाही, तिथं बाज चालायची. ऊस तोडायला गेलेल्यांना तिकडे चालायची. नगरजवळच्या नागापूरच्या कारखान्यांत लागलेली पोरं खोल्या करून राहायची, त्यांनाही तिकडे चालायची, पण सुट्टीला आली की मुकाट्यानं वाकळ. या वाटा कुणी आखल्या ते ठाऊक नाही. प्रत्येक जण त्या अशा सांगायचा, जणू देवीनं त्यालाच कानात सांगितल्या आहेत.

धोंडाईच्या पूजेचा मान आमच्या घराकडे होता, म्हणजे माझ्या थोरल्या चुलत्यांकडे, आप्पांकडे. ते रोज पहाटे ओढ्यावर जाऊन देवीला अंघोळ घालायचे आणि येताना तिच्याशी चाललेलं बोलणं घरापर्यंत चालू ठेवायचे. "आज जरा गार हुतं पानी, रागावू नगं," असं ते दारातून आत येताना म्हणायचे, आणि थोरली, म्हणजे माझी चुलती, चुलीपाशी बसून उत्तर द्यायची, "मी कशाला रागावू?" नियमाच्या बाबतीत मात्र आप्पा कडक. बाळूदादा हा त्यांचा एकुलता मुलगा. त्याच्या लग्नात सासऱ्यानं हौसेनं सागवानी पलंग ट्रॅक्टरवर घालून पाठवला. आप्पांनी ट्रॅक्टर वेशीतच थांबवला, पलंगाला हळदकुंकू लावलं, ओटीत नारळ ठेवावा तसा त्याच्यावर नारळ ठेवला, आणि माहेरवाशिणीसारखा तो परत पाठवला. बाळूदादाचं तोंड दोन सण उतरलेलं होतं.

पण याच आप्पांनी मला शिकवलं, आणि तेही याच देवीच्या नावानं. गावात हायस्कूल नव्हतं. एस.टी.साठी फाट्यापर्यंत चालत जावं लागे. आप्पा मला सायकलच्या दांडीवर बसवून सोडायचे, उशीर झाला तर कंडक्टरशी भांडून गाडी थांबवून धरायचे. मॅट्रिकनंतर भावकीतले चार लोक माझ्या लग्नाचं बोलायला आले. वडील गप्प बसले होते. आप्पा म्हणाले, "आईनं पोरीला डोकं दिलंय ते निस्त्या भाकरी थापायला व्हय? तिला काय वाटंल?" तिला म्हणजे धोंडाईला. देवीला काय वाटेल यावर वाद घालायची सोय कुणालाच नव्हती. भावकी चहा पिऊन गेली आणि मी नगरला गेले. आता जिल्ह्याचं नाव अहिल्यानगर झालंय, पण एस.टी.त बसले की माझ्या तोंडून अजून 'एक नगर द्या' असंच निघतं.

होस्टेलमध्ये लोखंडी कॉट होती. सुरुवातीला मी गादी खाली ओढून घ्यायचे. पुढे दुसऱ्या वर्षाच्या पावसाळ्यात फरशीला ओल सुटली आणि मी एकदाची कॉटवर चढले. सकाळी उठून चपलांत विंचू आहे का ते पाहिलं, पायांची बोटं हलवून पाहिली. सगळं जागच्या जागी होतं. झोपही छान लागली होती. घरी हे सांगायचं काही कारण पडलं नाही.

कारण पडलं ते आप्पा पडल्यावर. नवरात्राआधी लिंबावर नवा झेंडा बांधायला ते शिडीवर चढले, शिडी सरकली, आणि खुब्याचं हाड मोडलं. बाळूदादानं टेम्पोत घालून नगरला आणलं, ऑपरेशन झालं, आत सळई बसवली. मी कॉलेजातून रोज दवाखान्यात जायचे. डॉक्टर तरुण होते, बोलायला गोड, पण एका गोष्टीवर ठाम. "आजोबा, आता भुईवर बसायचं नाही, मांडी घालायची नाही, उकिडवं बसायचं नाही. पलंगावरच झोपायचं. काठावर बसलात की पाय खाली सुटले पाहिजेत. तिथून उठायचं, काठी धरून चालायचं. खाली झोपवलं तर तुम्ही उठणारच नाही, आणि उठला नाहीत तर कायमचे झोपाल." मग थोरलीकडे वळून विचारलं, "घरी पलंग आहे ना?"

थोरली मोठ्या अभिमानानं म्हणाली, "हाय की. कुरडयांचा."

बाळूदादानं नागापूरहून एक लोखंडी कॉट मिळवली आणि आप्पांना घरी न्यायच्या टेम्पोतच ती मागे घातली. मीही बरोबर होते. टेम्पो दारात थांबला तोवर अर्धं गाव ओसरीवर होतं. सगळ्यांत पुढे भागूआत्या. ती आमच्या शेजारी राहायची, आप्पांची लांबची बहीण, मिश्रीनं काळे झालेले दात आणि गावातल्या झाडून सगळ्या रीती तोंडपाठ. आप्पांना उचलून आत नेलं. मग मागची कॉट निघाली.

"ही कुनासाठी?" आप्पांनी आतून विचारलं.

"तुमच्यासाठी," बाळूदादा म्हणाला.

"परत घाल टेम्पोत."

"आवो आप्पा, डॉक्टर काय म्हनला..."

"डॉक्टरच्या गावात धोंडाई न्हाई. हितं हाय."

त्या दुपारी आमच्या घरात जे बोलणं झालं ते मला अजून शब्दन् शब्द आठवतं. आप्पा सतरंजीवर उताणे, वेदनेनं ओठ आवळलेले. आजूबाजूला माणसं. थोरली चहा गाळतेय आणि कपबशा पुरत नाहीत म्हणून पेल्यांत ओततेय. प्रत्येकाला आप्पा उभे राहायला हवे होते आणि प्रत्येकाला देवीही सांभाळायची होती. कुणी म्हणालं, वस्तीवर ठेवू, तिथं चालतंय. आप्पा म्हणाले, "हितनं दारातून तिचा दिवा दिसतो. त्यो सोडून मी रानात जाऊन मरू?" कुणी म्हणालं, कॉटचे पाय कापू. भागूआत्या म्हणाली, "पाय कापल्याली बाज म्हंजी बाजच. नाक कापल्यालं मानूस काय बकरू हुतं का?" एक जण तावातावानं म्हणाला, देवीच्या चाकरीत पडलेला माणूस देवीनंच उठवावा. दुसरा म्हणाला, तिनंच वाचवलं, नाहीतर मान मोडली असती.

मी नुकतीच विज्ञानाच्या दुसऱ्या वर्षाला गेले होते. त्या वयात माणसाला वाटतं की खरं सांगितलं की लोक ऐकतात. मी हाडं कशी जुळतात ते सांगितलं, रक्त साकळतं ते सांगितलं, दगड आणि देव यांच्यावरही बोलले. मी जसजशी बोलत गेले तसतशी ओसरी माझ्यापासून सरकत गेली. मघाशी कॉटच्या बाजूनं कुजबुजणारा बाळूदादासुद्धा म्हणाला, "शकू, आता दगूड बिगूड म्हनू नगंस." मग माझा तोल सुटला आणि मी म्हणाले, "मी होस्टेलात कॉटवरच झोपते! पावसाळ्यापासून रोज! काय झालं मला?"

आईच्या हातातला पेला तसाच राहिला. भागूआत्यानं गालावर बोट टेकवलं.

"पावसाळ्यापासून?" ती सावकाश म्हणाली. "आन आप्पा कधी पडले? नवरात्राच्या तोंडाला. बघा म्हंजी."

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. राग नव्हता त्यांत, तेच वाईट होतं. कोडं सुटल्याचं समाधान होतं. इतके दिवस प्रत्येकाला पडलेला प्रश्न, की रोज अंघोळ घालणाऱ्या माणसाला देवीनं कसं पडू दिलं, त्याचं उत्तर आता समोर दोन वेण्या घालून उभं होतं. माझे डोळे भरून आले.

"भागू," आप्पा सतरंजीवरून म्हणाले, "माझी शिडी कुनी धरली हुती?"

"शिडी? धाकल्या गुरवानं."

"आन त्यो शिडी सोडून काय करत हुता?"

दुसऱ्या कुणीतरी सांगितलं, "बिडी पेटवत हुता."

"मंग? पोरीच्या झोपंचा आन माझ्या खुब्याचा काय संबंध? नगरात निजलेली पोर लिंबावरनं मला ढकलायला आली हुती का? माझी देवी असली न्हाई. कुनाचा राग कुनावर काढत न्हाई ती."

मला हुंदकाच फुटला. माझ्यासाठी ते आख्ख्या गावाला गप्प करत होते, आणि स्वतःसाठी एक कॉट घेत नव्हते. रडता रडताच मी ओरडले, "मग एवढीच भुई पाहिजे ना तुम्हाला? खड्डा खणा इथं, आणि पुरा ती कॉट त्यात! म्हणजे झाली भुईबरोबर!"

मी ते टोमणा म्हणून बोलले होते. असा टोमणा की ज्यानं सगळ्यांना लाज वाटावी. पण लाज कुणालाच वाटली नाही. क्षणभर सगळे खोलीच्या कोपऱ्याकडे पाहत राहिले. आप्पांनी मान वळवली, जमिनीकडे पाहिलं, कॉटकडे पाहिलं.

"व्हय की," ते म्हणाले.

"व्हय की!" बाळूदादा म्हणाला.

"शिकल्याल्या मानसाचं डोकंच येगळं," मागून कुणीतरी म्हणालं. आणि मला हसावं की रडावं कळेना तोवर टिकाव आला.

पुढचं काम आठवलं की आजही मन भरून येतं. मघाशी एकमेकांवर आवाज चढवणारी माणसं सदरे काढून खणायला लागली. वरची माती भुसभुशीत निघाली, खाली मुरूम लागला. ठिणग्या उडायला लागल्या तशी चेष्टाही सुरू झाली. "पानी लागलं तर मोटार बसवू." "आप्पा, पोहायला येतं ना?" थोरलीनं परातीत हुलग्याचं पीठ मळायला घेतलं. ती शेंगोळे वळत होती, भागूआत्या शेजारी लसूण मिरची ठेचत होती, आणि दोघी मिळून खणणाऱ्यांच्या चुका काढत होत्या. शेंगोळ्यांच्या रटरटण्याचा वास आणि ओल्या मुरमाचा वास, दोन्ही एकदमच माझ्या नाकात बसले आहेत. आता शहरात शेंगोळे केले की मला मातीची आठवण येते, आणि शेजारी कुणाचं घर खणायला काढलं की भूक लागते.

कॉट खड्ड्यात उतरवली तेव्हा तिची वरची बाजू भुईशी बरोबर आली. सगळे खूश. तेवढ्यात मला डॉक्टर आठवले. पाय खाली सुटायला हवेत. मी भीत भीत म्हणाले, "नुसता कॉटएवढा खड्डा चालणार नाही. बाजूला अजून एक चर पाहिजे. त्यात पाय सोडायचे. आणि तिथून वर यायला उतार." आता मी टोमणे मारत नव्हते. त्या क्षणापासून मी त्या कामाची इंजिनीअर झाले होते. काटकीनं भुईवर रेघा मारून दाखवल्या. लोकांनी निमूट खणलं, तळाला शहाबादी फरश्या टाकल्या, उतार चोपून दिला.

मग भागूआत्या उठली. पदर खोचून खड्ड्याच्या काठाशी बसली आणि म्हणाली, "गादी धरली का?"

"काय?"

"बाज भुईबरोबर झाली. तिच्यावर गादी येनार. मंग आप्पा भुईच्या वर गेले का न्हाई?"

पुन्हा कॉट काढली, पुन्हा खणलं, गादीएवढं. भागूआत्याचं समाधान झालं असं वाटत होतं तोच तिला नवी शंका आली. "पर मोजायचं ते आपल्या भुईपासनं का आईपासनं?" त्यावर बाळूदादाचा गवंडी दोस्त उत्साहानं म्हणाला, "त्यात काय, पातळी मोजायची पान्याची नळी हाय माझ्याकडं. हितनं देवीपर्यंत लावतो, बरोबर कळंल." देवी ओढ्याच्या काठावर, आमचं घर वरच्या आळीला. गावातलं झाडून प्रत्येक घर देवीच्या वर होतं. भुईवर वाकळ टाकून निजणारं अख्खं गाव पिढ्यान्‌पिढ्या देवीच्या कितीतरी वर निजत होतं. नळी लावली असती की ते पाण्यासारखं स्वच्छ दिसलं असतं. दुपारी मी ते ओरडून सांगितलं असतं. आता सांगावंसं वाटेना. मी आप्पांकडे पाहिलं, तर ते माझ्याकडेच पाहत होते, आणि त्यांच्या डोळ्यांत मला एक मिस्कील चमक दिसली, जी मी त्याआधी फक्त कंडक्टरशी भांडताना पाहिली होती.

"नळी ठेव तिकडं," आप्पा गवंड्याला म्हणाले. "भुई म्हंजी भुई. उगा आईच्या अंगाला नळ्या लावू नगा."

त्यांना ठाऊक होतं. कदाचित सगळ्यांनाच ठाऊक होतं. रोज घागर घेऊन ओढ्याचा चढ चढणाऱ्या बायकांना गाव वर आहे हे मी सांगायची गरज नव्हती. मी पुढे नोकरी केली, पुष्कळ ठिकाणी भाषणं ऐकली, दिलीही. श्रद्धेवर कुणी बोट ठेवलं की माणसं कशी चवताळतात, हे सांगणारे पुष्कळ भेटले. खरं आहे ते, मी त्या ओसरीवर पाहिलं आहे. पण तीच माणसं त्याच संध्याकाळी मुरूम खणतात, हेही मी पाहिलं आहे.

आप्पांना त्या कॉटवर निजवलं तेव्हा एक गंमत झाली जी कुणाच्या डोक्यात आली नव्हती. ते भुईच्या पातळीवर होते, म्हणून आम्ही त्यांच्या शेजारी नेहमीसारखी पंगत मांडू शकलो. उंच पलंगावर असते तर त्यांचं ताट वेगळं गेलं असतं. इथं ते काठावर पाय सोडून बसले, समोर भुईवर ताट, शेजारी बाळूदादा, पलीकडे भागूआत्या. शेंगोळे ओरपत ते म्हणाले, "झाक जागा हाय. पडल्यापडल्या सगळ्यांचे पाय दिसतात. आता रोज सगळ्यांच्या पाया पडन." आणि खरोखर पुढे ते नुसत्या पायांवरून माणूस ओळखायला लागले. "भागू, टाचंला भेगा पडल्यात, तेल लाव," असं आवाज यायच्या आधीच म्हणायचे.

ते उठले. आधी चरात उभे राहिले, मग उतारावरून ओसरीपर्यंत, मग अंगणात. संक्रांतीला मी सुट्टीवर होते तेव्हा माझा खांदा आणि काठी धरून ते ओढ्यापर्यंत चालत गेले. वाकता येत नव्हतं, म्हणून ते लिंबाला टेकून उभे राहिले आणि मला म्हणाले, "तू घाल अंघोळ. मी सांगतो तसं." मी कळशीतलं पाणी घातलं. शेंदराखाली शिळा चांगली गार होती. आप्पा वरून बोलत होते, "आई, ही आपली शकू. कॉटवर निजती ती. पर पाठीचा कना ताठ हाय तिचा, बघ."

आप्पांनी ती जागा पुढे पुष्कळ वर्षं वापरली. घराला स्लॅब पडला, फरशी आली, तरी बाळूदादानं तो कोपरा बुजवला नाही. आता तो स्वतः तिथं निजतो. मी गावी गेले की माझ्या गुडघ्यांचा विचार करून तो मला ती जागा देतो. गावात असे खड्डे बऱ्याच घरांत झाले आहेत. नव्या आलेल्या नर्सबाईंनी एकदा मला विचारलं, हा काही आयुर्वेदिक प्रकार आहे का. मी म्हटलं, तसंच काहीतरी.

पण पहिला खड्डा आमच्यानंतर ज्या घरात पडला ते सांगायचं राहिलं. माझा पदवीचा निकाल लागला त्या उन्हाळ्यात मी पेढे घेऊन भागूआत्याकडे गेले. ती दारात काठीवर भार देऊन उभी होती, गुडघे सुजलेले. पेढा तोंडात टाकून तिनं इकडेतिकडे पाहिलं आणि मला जवळ ओढलं.

"शके, तुझ्या त्या खड्ड्याचं माप सांग की मला."

मी म्हटलं, "सांगते. गवंड्यालाही बोलावते. ओढ्यापर्यंत नळी लावायची का?"

"गप गं," भागूआत्या म्हणाली, आणि माझ्याकडे अजून एक पेढा मागितला.